कॉनराड फाइट, रंगभूमी ते पडदा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जर्मन चरित्र अभिनेता कॉनराड फाइट याच्याबद्दल मराठी वाचकांकडून येणारे प्रश्न आणि त्यांची उत्तरं इथे एकत्र केली आहेत. बहुतेकांना तो एकाच चित्रपटातून माहीत असतो आणि तेही एकाच गणवेशात. म्हणून उत्तरं जरा ऐसपैस लिहिली आहेत.

कॉनराड फाइट म्हणजे नक्की कोण?

‘कासाब्लांका’तला नाझी अधिकारी मेजर स्ट्रासर. ‘द थीफ ऑफ बगदाद’मधला वजीर जाफर. ‘कॅलिगारी’मधला झोपेत चालणारा सेझारे. ‘द मॅन हू लाफ्स’मधला, चेहऱ्यावर कायमचं हसू कोरलेला ग्विनप्लेन. हे चौघंही एकच माणूस आहेत, यावर पहिल्यांदा ऐकणाऱ्याचा विश्वास बसत नाही.

त्याचा जन्म २२ जानेवारी १८९३ चा, बर्लिनमधला. मृत्यू ३ एप्रिल १९४३ ला लॉस एंजेलिसमध्ये. जेमतेम पन्नास वर्षांच्या आयुष्यात त्याने शंभराहून अधिक चित्रपट केले. त्यातले बरेचसे मूकपट आज हरवलेले आहेत. त्यामुळे त्याच्या कारकिर्दीबद्दल बोलताना आपण उरलेल्या तुकड्यांवरूनच बोलतो, हे लक्षात ठेवलेलं बरं.

घरात नाटकाची परंपरा होती का?

अजिबात नाही. घर साधं, मध्यमवर्गीय. वडील शिस्तीचे, लष्करात राहून आलेले सरकारी नोकर. मुलाचा ओढा आधी शस्त्रक्रिया करणारा डॉक्टर होण्याकडे होता, पण शाळेतले गुण त्या वाटेने जाऊ देणारे नव्हते. १९१२ मध्ये शाळा संपली तेव्हा तेरा जणांच्या वर्गात याचा नंबर तेरावा होता.

मग नाटकांचं वेड लागलं. बर्लिनच्या डॉइचेस थिएटरमध्ये दिग्दर्शक माक्स राइनहार्टची नाटकं गाजत होती. हा स्वस्तातलं तिकीट काढून तीच ती नाटकं पुन्हा पुन्हा बघायचा. १९१३ मध्ये त्याच नाट्यगृहात शिकाऊ नट म्हणून त्याला घेतलं गेलं. सुरुवातीला कामं गर्दीतली. भाला धरून उभं राहायचं आणि एखादं वाक्य बोलायचं.

राइनहार्टकडे तो काय शिकला?

हा प्रश्न महत्त्वाचा आहे, कारण फाइटच्या पुढच्या सगळ्या कामाचं मूळ इथे आहे.

राइनहार्टची कंपनी म्हणजे एका ताऱ्याभोवती फिरणारं बिऱ्हाड नव्हतं. आज मोठी भूमिका करणारा नट उद्या चार ओळींचं काम करायचा. प्रकाशयोजना, फिरता रंगमंच, गर्दीच्या हालचाली या सगळ्यात नटाने आपलं शरीर बसवायचं, अशी तिथली शिस्त. डॉइचेस थिएटरला लागूनच कामरश्पीले नावाचं छोटं नाट्यगृह होतं. तिथे प्रेक्षक इतके जवळ बसायचे की भुवई हलली तरी दिसायची. मोठ्या रंगमंचावर शरीर आणि छोट्यावर चेहरा, अशी दुहेरी तालीम त्या काळच्या नटांना मिळाली. मूकपटाला नेमकी हीच शिदोरी लागत होती.

एमिल यानिंग्स, वेर्नर क्राउस, पाउल वेगेनर हे सगळे याच वर्तुळातले. जर्मन मूकपटांचे मोठे चेहरे एकाच नाट्यसंस्थेच्या दारातून आले. यांपैकी यानिंग्स आणि क्राउस यांची नावं पुढे पुन्हा येतील.

मग पहिल्या महायुद्धात काय झालं?

१९१४ च्या अखेरीस त्याला सैन्यात बोलावणं आलं आणि पूर्व आघाडीवर पाठवलं गेलं. तिथे कावीळ आणि न्यूमोनिया झाला. इस्पितळात पडून असताना त्याची मैत्रीण, अभिनेत्री लुसी मानहाइम, आघाडीजवळच्या एका नाट्यगृहात काम करत असल्याचं त्याला कळलं. त्यानेही अर्ज केला. तब्येत ढासळलेली असल्यामुळे त्याला सैनिकांसाठी होणाऱ्या नाटकांत काम करायची परवानगी मिळाली. १९१७ च्या सुरुवातीला लष्करातून सुटका झाली आणि तो पुन्हा राइनहार्टकडे आला.

युद्धावरून परतल्यानंतरचे त्याचे फोटो आधीच्या फोटोंशेजारी ठेवून बघा. गाल बसलेले, डोळे खोल गेलेले, उंच अंगकाठी अजूनच सुकलेली. पराभूत जर्मनीतल्या चित्रपटांना असाच चेहरा हवा होता, हे त्याचं नशीब म्हणायचं की दुर्दैव, हे ज्याने त्याने ठरवावं.

‘कॅलिगारी’त तो बोलतही नाही. मग त्याचं एवढं कौतुक का?

‘डॉक्टर कॅलिगारी’ २६ फेब्रुवारी १९२० रोजी बर्लिनमध्ये प्रदर्शित झाला. दिग्दर्शक रोबर्ट वीने. जत्रेत खेळ दाखवणारा एक डॉक्टर, त्याच्या पेटीत वर्षानुवर्षं झोपलेला सेझारे, आणि गावात होऊ लागलेले खून, अशी गोष्ट. तिरक्या भिंती, वाकड्या खिडक्या, जमिनीवर चक्क रंगवलेल्या सावल्या. हेर्मान वार्म, वाल्टर राइमान आणि वाल्टर रोएरिग यांनी कॅनव्हासवर रंगवलेलं ते जग आजही पुस्तकांच्या मुखपृष्ठांवर झळकतं.

अडचण अशी की अशा नेपथ्यासमोर माणूस माणसासारखा वागला, तर तो चुकून आत शिरलेला पाहुणा वाटतो. चित्रपटातल्या बऱ्याच नटांचं तसंच झालं आहे. फाइट आणि डॉक्टरच्या भूमिकेतला क्राउस हे दोघेच त्या नेपथ्याचे रहिवासी वाटतात.

दोन जागा थांबून बघा. पहिली, सेझारेला जागं करतात ती. उभी पेटी उघडते, मग कॅमेरा फक्त चेहऱ्यावर. आधी ओठांच्या कडेला अगदी बारीक थरथर. मग नाकपुड्या. पापण्या हलतात, पण लगेच उघडत नाहीत. आणि उघडतात तेव्हा थांबतच नाहीत, मोठ्या मोठ्या होत जातात. हे तो इतक्या संथपणे करतो की तेवढ्यात आपला श्वास अडकतो.

दुसरी जागा रात्रीची. सेझारे भिंतीला घासत, एक हात वर ताणून, भिंतीच्या रेषेसारखाच सरकत जातो. काळा घट्ट पोशाख, लांब पाय. भिंतीवरचा रंग आणि त्याचं शरीर यांतला फरक क्षणभर पुसला जातो. मग तो झोपलेल्या तरुणीवर सुरा उगारतो आणि मारू शकत नाही. हात तिच्या केसांकडे जातो. इथे तो राक्षस उरत नाही. मला विचाराल तर पूर्ण चित्रपटातला सर्वांत माणूसपणाचा क्षण खुनी पात्राच्या वाट्याला आलेला आहे, आणि तो संहितेपेक्षा नटाने जास्त कमावलेला आहे.

समलैंगिकतेवरचा पहिला चित्रपट त्यानेच केला होता, हे खरं का?

‘अँडर्स आल्स दी आंडर्न’ (१९१९). समलैंगिक माणसाकडे उघड सहानुभूतीने पाहणाऱ्या अगदी पहिल्या चित्रपटांत त्याची गणना होते. दिग्दर्शक रिशार्ड ओस्वाल्ड. संहितेत लैंगिकताशास्त्रज्ञ माग्नुस हिर्शफेल्डचा हात होता आणि डॉक्टरच्या भूमिकेत तो स्वतः पडद्यावरही आला. हिर्शफेल्ड १९३१ मध्ये जगप्रवासात भारतातही येऊन गेला होता.

फाइट यात पाउल क्योर्नर नावाचा व्हायोलिनवादक आहे. पुरुषांमधले संबंध गुन्हा ठरवणारं कलम १७५ तेव्हा लागू होतं. त्याचा धाक दाखवून एक खंडणीखोर क्योर्नरला लुबाडत राहतो. शेवटी क्योर्नर न्यायालयात जातो, खंडणीखोराला शिक्षा होते, पण यालाही होते. अब्रू जाते, कामं बंद होतात, तो विष घेतो.

नुकतं नाव होऊ लागलेल्या नटाने १९१९ मध्ये हे काम स्वीकारणं म्हणजे धाडसच. १९२० मध्ये सर्वसामान्य प्रेक्षकांना चित्रपट दाखवायला बंदी आली. आज त्याचे काही तुकडेच उपलब्ध आहेत. जर्मन कायद्यातून ते कलम पूर्णपणे गेलं ते १९९४ मध्ये.

तो भारतीय महाराजा कधी झाला होता?

१९२१ मध्ये, योए माय यांच्या ‘दास इंडिशे ग्राबमाल’ या दोन भागांच्या भव्य मूकपटात. यातला भारत पूर्णपणे बर्लिनजवळच्या वोल्टर्सडॉर्फमध्ये उभारलेला. मंदिरं, वाघांचा पिंजरा, जमिनीत गाडून घेतलेला योगी, सर्पनृत्य. युरोपला पूर्वेकडे जे जे हवंसं आणि भीतीदायक वाटायचं ते सगळं एकाच पंगतीत वाढलेलं आहे. आपल्याला ते पाहताना हसू येतं, थोडा रागही येतो.

फाइटचा महाराजा मात्र हास्यास्पद होत नाही. विश्वासघात केलेल्या राणीसाठी जिवंतपणीच समाधी बांधायला काढलेला हा माणूस. फाइट त्याला जवळजवळ न हलता उभा करतो. सगळं वैभव आजूबाजूला आणि मधोमध एक पोखरलेला माणूस.

याची कथा-पटकथा थेआ फोन हार्बू आणि फ्रित्स लांग यांची. याच थेआ फोन हार्बूने पुढे बर्लिनमध्ये राहणाऱ्या अयी तेंडुलकर या मराठी पत्रकाराशी लग्न केलं. तेंडुलकर बेळगावकडचे. सेटवरचा भारत लिहिणाऱ्या बाईच्या घरात बारा वर्षांत खरा मराठी माणूस आला, हा योगायोग कुणी कथेत लिहिला असता तर संपादकाने खोडला असता.

बॅटमनमधला जोकर त्याच्यावरून घेतला आहे का?

चेहरा, हो. १९२८ च्या ‘द मॅन हू लाफ्स’मधला फाइटचा फोटो १९४० मध्ये जोकर घडत असताना बॅटमनच्या निर्मात्यांपुढे होता, हे सगळेच मान्य करतात. बिल फिंगर, बॉब केन आणि जेरी रॉबिन्सन यांच्यात वाद होता तो श्रेय कुणाचं किती, यावर.

पण स्वभाव? तो अगदी उलटा आहे. व्हिक्टर ह्यूगोच्या कादंबरीतला ग्विनप्लेन हा लहानपणी चेहरा चिरून विद्रूप केलेला सरदारपुत्र. जत्रेत लोकांना हसवून पोट भरतो, अंध मुलीवर प्रेम करतो आणि तिला आपला चेहरा दिसत नाही याचंच त्याला समाधान वाटतं. जोकर हसतो कारण त्याला मजा वाटते. ग्विनप्लेनला हसणं थांबवताच येत नाही.

अभिनयाच्या दृष्टीने ही भूमिका म्हणजे शिक्षाच होती. ओठ मागे खेचून धरणारं उपकरण तोंडात बसवलेलं, त्यामुळे चेहऱ्याचा अर्धा खालचा भाग बाद. उरले डोळे आणि कपाळ. राणीच्या दरबारातले उमराव त्याला हसतात त्या प्रसंगात तोंड हसतं आहे आणि डोळे टाहो फोडत आहेत, हे दोन्ही एकाच फ्रेममध्ये दिसतं. आधी त्याने कापडाने तोंड झाकलेलं असतं तेव्हा आपण एका देखण्या, दुःखी माणसाकडे बघत असतो. कापड बाजूला होतं आणि तेच डोळे वेगळेच वाटायला लागतात.

हॉलिवूडमध्ये जम बसला असताना तो परत का गेला?

बोलपट आले म्हणून. १९२७ च्या ‘द बिलव्हेड रोग’साठी तो अमेरिकेत गेला, तिथे जॉन बॅरीमोरसमोर फ्रान्सचा लुई अकरावा केला. पुढे युनिव्हर्सल स्टुडिओकडे काही चित्रपट. पण इंग्रजी मोडकंतोडकं होतं, आणि आवाजाशिवाय कमावलेलं नाव आवाजापायी घालवायची त्याची तयारी नव्हती. १९२९ मध्ये तो जर्मनीत परतला.

तिथे बोलपटातही त्याचं बस्तान बसलं. ‘देर कॉंग्रेस टान्त्स्ट’मध्ये (१९३१) ऑस्ट्रियाचा मुत्सद्दी मेटरनिख, मग रास्पुतिन. तेव्हा एकच चित्रपट वेगवेगळ्या भाषांत, नट बदलून पुन्हा चित्रित करायची पद्धत होती. प्रभातने १९३२ मध्ये ‘अयोध्येचा राजा’ मराठी आणि हिंदीत वेगवेगळा केला होता, तसंच. ‘एफ. पी. १’ या समुद्रावरच्या तरंगत्या विमानतळाच्या चित्रपटात जर्मन आवृत्तीत हान्स आल्बेर्स, फ्रेंचमध्ये शार्ल बॉये आणि इंग्रजीत फाइट होता. म्हणजे तोवर त्याने इंग्रजी कमावलं होतं. हेच पुढे त्याच्या कामी आलं.

तो ज्यू होता का?

नाही. त्याची तिसरी पत्नी इलोना प्रागर, म्हणजे लिली, ज्यू होती. १९३३ मध्ये त्यांचं लग्न झालं तेव्हा हिटलर सत्तेवर येऊन तीन महिनेही झाले नव्हते. चित्रपटसृष्टीत काम करणाऱ्यांकडून वंशाची माहिती मागणारे अर्ज भरून घेतले जात होते. फाइटने त्यात स्वतःच्या वंशासमोर ‘ज्यू’ असं लिहिलं, ही गोष्ट त्याच्याबद्दलच्या प्रत्येक लेखात येते. लग्नानंतर लवकरच दोघं इंग्लंडला गेली.

त्यानंतर तो पुन्हा जर्मनीत गेला तो स्विस लोकनायकावरच्या ‘विल्हेल्म टेल’साठी, जुलमी गेसलरची भूमिका करायला. त्या चित्रपटात टेलची पत्नी झालेली एमी सोनेमान पुढे नाझी नेता हेर्मान गोअरिंगची बायको झाली. तेव्हाची हकीकत अशी सांगतात की त्याला परत इंग्लंडला सोडेनात. फाइट आजारी आहे, प्रवास करू शकत नाही, असं कळवलं गेलं. तेव्हा त्याच्या ब्रिटिश कंपनीने आपला डॉक्टर पाठवला, त्याने तपासून माणूस ठणठणीत असल्याचं सांगितलं आणि मग सुटका झाली.

‘जू स्यूस’ नावाचा नाझी प्रचारपट त्यानेच केला होता ना?

नाही, आणि हा घोळ दूर करणं गरजेचं आहे. एकाच ऐतिहासिक व्यक्तीवर दोन चित्रपट आहेत. योसेफ स्यूस ओपेनहायमर हा जर्मनीतल्या वुर्टेम्बर्गच्या ड्यूकचा ज्यू अर्थसल्लागार. १७३८ मध्ये त्याला श्टुटगार्टमध्ये फाशी दिलं गेलं.

फाइटचा चित्रपट १९३४ चा, ब्रिटिश, लिऑन फॉइख्टवांगरच्या कादंबरीवर आधारलेला. ज्यूंवरच्या अन्यायाकडे बोट दाखवणारा. त्याच्या आदल्या वर्षी त्याने ‘द वाँडरिंग जू’ही केला होता. जर्मनीतून ज्यूंना हाकललं जात असताना, ज्यू नसलेला एक नामवंत जर्मन नट एकामागून एक दोन चित्रपटांत ज्यू माणसाची बाजू पडद्यावर मांडतो आहे, हे नाझी प्रचारमंत्री गोबेल्सच्या खात्याला काय झोंबलं असेल याची कल्पना करा.

दुसरा चित्रपट १९४० चा, फाइट हारलानचा. (आडनावासारखं दिसणारं हे त्या दिग्दर्शकाचं पहिलं नाव, नात्यागोत्याचा संबंध नाही.) तो नाझी प्रचारपट. त्यात एकाहून अधिक ज्यू पात्रं विकृत करून रंगवली ती वेर्नर क्राउसने. म्हणजे ‘कॅलिगारी’तला डॉक्टर. वीस वर्षांपूर्वी ज्याच्या हुकमावर सेझारे उठत-बसत होता, तोच.

आणि यानिंग्स? अभिनयाचं पहिलं ऑस्कर मिळवून तो जर्मनीत परतला आणि नाझी राजवटीत मानाने कामं करत राहिला. तिघं एकाच नाट्यगृहातले आणि तोलामोलाचे नट. कोण मोठा नट यावर वाद घालता येईल. कोणाच्या घरी झोप शांत लागली असेल, यावर मी घालणार नाही.

इंग्लंडमध्ये त्याला कसल्या भूमिका मिळाल्या?

सगळ्यांत चांगल्या. हे लोकांना माहीतच नसतं. ‘द पासिंग ऑफ द थर्ड फ्लोअर बॅक’मध्ये (१९३५) तो एका भाड्याच्या घरात येऊन तिथल्या कुजक्या माणसांना बदलून जाणारा अनोळखी, जवळजवळ संत. ‘डार्क जर्नी’त व्हिव्हियन लीसमोर नायक.

मायकेल पॉवेल आणि एमरिक प्रेसबर्गर ही जोडी पहिल्यांदा एकत्र आली ती ‘द स्पाय इन ब्लॅक’साठी (१९३९). फाइट यात पहिल्या महायुद्धातला जर्मन पाणबुडीचा कप्तान. शत्रूपक्षातला माणूस आणि तरीही चित्रपटाचा नायक. जर्मनीतल्या टंचाईतून आलेला हा कप्तान स्कॉटलंडच्या बेटावर हेर बनून पोचतो आणि जेवणाच्या टेबलावर लोणी बघून त्याचे डोळे चमकतात. हेरपटात असा क्षण ठेवायला लेखक लागतो आणि तो पेलायला नट लागतो. चित्रपट प्रदर्शित झाला त्याच महिन्याभरात दुसरं महायुद्ध सुरू झालं. पुढच्या वर्षी त्याच जोडीच्या ‘कॉन्ट्राबँड’मध्ये तो डॅनिश जहाजाचा कप्तान होता. खोडकर, प्रेमात पडणारा, चक्क विनोदी.

१९३९ मध्ये तो ब्रिटिश नागरिक झाला. गंमत बघा, त्याच वर्षी आपल्याकडे मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये काम करणाऱ्या जर्मन मंडळींना ब्रिटिश सरकारने शत्रुराष्ट्राचे म्हणून ताब्यात घेतलं.

जाफरच्या भूमिकेत विशेष काय?

अलेक्झांडर कोर्डाचा ‘द थीफ ऑफ बगदाद’ (१९४०) हा म्हैसूरच्या साबू या नटामुळे आपल्याकडच्या जुन्या प्रेक्षकांचा लाडका. युद्ध सुरू झाल्यामुळे इंग्लंडमध्ये सुरू केलेला चित्रपट अमेरिकेत पूर्ण करावा लागला. छायाचित्रण, कलादिग्दर्शन आणि स्पेशल इफेक्ट्स अशी तीन ऑस्कर मिळाली.

जाफर डोळ्यांनी राजपुत्राला आंधळा करतो, साबूला कुत्रा बनवतो. काळ्या कपड्यांत, निळ्या डोळ्यांवर प्रकाशाचा पट्टा. पण खरी करामत वेगळी आहे. राजकन्येवरही तो जादू करू शकला असता. त्याला मात्र तिने आपणहून प्रेम करावं असं वाटतं, आणि हे आपल्या वाट्याला येणार नाही हे त्याला कळतं. त्या जागी फाइट आवाज खाली आणतो. मुलांच्या परीकथेत त्याने एका प्रौढ माणसाचं दुःख आणून ठेवलं आहे. १९९२ च्या डिस्नेच्या ‘अलादीन’मधला जाफर नावासकट इथूनच आला.

नाझींपासून पळून आलेला माणूस नाझींच्याच भूमिका का करत राहिला?

सगळ्यांत जास्त विचारला जाणारा प्रश्न.

१९४० मध्ये तो अमेरिकेत गेला. हॉलिवूडला जर्मन उच्चारांचे लोक एकाच कामासाठी हवे होते. लाखात एक नट, आणि समोर ठेवले जायचे ते गणवेश. ‘एस्केप’, ‘ऑल थ्रू द नाइट’, ‘कासाब्लांका’. त्याने एक अट घातली होती, असं सांगितलं जातं. नाझी करेन, पण तो खलनायकच असला पाहिजे. प्रेक्षकाला त्याच्याबद्दल कणव वाटेल असा नको.

म्हणून स्ट्रासरमध्ये ना सेझारेची व्यथा आहे, ना जाफरची. ज्याने आयुष्यभर राक्षसांना माणूस केलं, त्याने इथे ती कळ ठरवून बंद ठेवली आहे. स्ट्रासर सभ्य आहे, मृदू बोलतो, खुर्चीत टेकून बसतो. त्याच्या आत काहीच नाही. लोक याला सपाट भूमिका म्हणतात. मला ती फार विचारपूर्वक केलेली वाटते.

‘नाझी एजंट’मध्ये (१९४२) त्याला जुळ्या भावांचा डबल रोल होता, एक नाझी आणि एक नाझीविरोधी. आणि त्याचा शेवटचा चित्रपट ‘अबव्ह सस्पिशन’ (१९४३), त्यात तो नाझींविरुद्ध लढणाऱ्यांच्या बाजूने आहे. कमाईचा मोठा हिस्सा त्याने ब्रिटनच्या युद्धमदतीला दिला.

‘कासाब्लांका’त त्याला नायक हम्फ्री बोगार्टपेक्षा जास्त पैसे मिळाले होते?

एकूण रकमेत नाही. आठवड्याच्या दरात तो सर्वांत वरच्यांत होता: आठवड्याला ५,००० डॉलर. एमजीएम स्टुडिओकडून वॉर्नर ब्रदर्स स्टुडिओने त्याला उसना घेतला होता.

त्या चित्रपटाची आणखी एक गोष्ट जास्त सांगण्यासारखी आहे. श्रेयनामावलीतले जेमतेम तिघे अमेरिकेत जन्मलेले. कॅफेत ‘ला मार्सेयेज’ हे फ्रेंच राष्ट्रगीत गाणाऱ्या गर्दीत, नाझी गणवेश चढवलेल्यांत, खिसेकापूंत सगळीकडे खरेखुरे निर्वासित भरलेले आहेत. जर्मन अधिकाऱ्यांचं गाणं बुडून जातं त्या प्रसंगी स्ट्रासरच्या चेहऱ्याकडे पाहा. हरणाऱ्या बाजूचा मुखवटा घातलेला तो माणूस मनातून कोणत्या बाजूला गात असेल!

खासगी आयुष्य?

तीन लग्नं. पहिली पत्नी गुसी होल ही कॅबरे गायिका, घटस्फोटानंतर तिने यानिंग्सशी लग्न केलं. दुसरी फेलिसिटास राडके, तिच्यापासून १९२५ मध्ये मुलगी व्हायोला. तिसरी लिली, शेवटपर्यंत.

मृत्यू कसा झाला?

लॉस एंजेलिसच्या रिव्हिएरा कंट्री क्लबवर गोल्फ खेळताना हृदयविकाराचा झटका आला. त्याचा डॉक्टर सोबतच खेळत होता, तरी उपयोग झाला नाही. युद्धाचा शेवट त्याला दिसला नाही. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये त्याचा गुरू माक्स राइनहार्टही न्यूयॉर्कमध्ये गेला. ज्यू असल्यामुळे तोही परागंदा होता. फाइटच्या अस्थी १९९८ पासून लंडनच्या गोल्डर्स ग्रीन स्मशानभूमीत आहेत.

तो गायचा म्हणे?

‘एफ. पी. १’च्या वेळी त्याचं एक गाणं रेकॉर्ड झालं होतं, समुद्र आणि दीपगृहावरचं. गाणं कसलं, सुरात बोलणंच. तेव्हा फार चाललं नाही. १९८० मध्ये ब्रिटिश रेडिओवर निवेदक टेरी वोगनने ते वाजवलं आणि श्रोत्यांच्या मागणीवरून पुन्हा बाजारात आलं. जाफरचा आवाज ज्यांना आवडतो त्यांनी जरूर ऐकावं.

व्ही. शांतारामांवर त्याचा प्रभाव होता का?

थेट फाइटचा होता असं म्हणणार नाही. शांतारामबापू १९३३ मध्ये ‘सैरंध्री’च्या कामासाठी जर्मनीला गेले होते आणि तिथलं तंत्र त्यांनी जवळून पाहिलं. परतल्यावर ‘अमृतमंथन’मध्ये (१९३४) राजगुरूच्या डोळ्याचा तो प्रचंड क्लोजअप आला. हिंदीत चंद्रमोहन, मराठीत केशवराव दाते. डोळ्यांनी चित्रपट पेलता येतो ही जर्मन मूकपटाची शिकवण प्रभातपर्यंत पोचली, एवढं म्हणायला हरकत नाही. ‘कॅलिगारी’ आणि ‘अमृतमंथन’ एकापाठोपाठ बघितलेत तर मुद्दा पाच मिनिटांत पटेल.

कुठून सुरुवात करावी?

मूकपटांची सवय नसेल तर ‘द थीफ ऑफ बगदाद’पासून. घरातली मुलंही बसतील. मग ‘द स्पाय इन ब्लॅक’. त्यानंतर ‘द मॅन हू लाफ्स’, आणि तो आवडला तर ‘कॅलिगारी’. ‘कॅलिगारी’ची २०१४ मध्ये दुरुस्त केलेली प्रत मिळवा. इंटरनेटवर फिरणाऱ्या जुन्या, धुरकट प्रतींमध्ये त्याच्या चेहऱ्यावरचं निम्मं काम दिसतच नाही. ‘दास इंडिशे ग्राबमाल’ सगळ्यात शेवटी. दोन्ही भाग मिळून साडेतीन तासांच्या आसपास जातात, तेव्हा रविवारची दुपार मोकळी ठेवा आणि मधल्या वाघांच्या प्रसंगाला चहा टाकायला उठू नका.